डाऊनी बुरशी नव्हे, शेवाळ वनस्पती नव्हे: प्रोटिस्टांची खरी ओळख

द्राक्षाच्या पानावर वरून तेलकट पिवळा डाग आणि खालून पांढरी लव दिसली, की नाशिक-सांगलीकडचा बागायतदार म्हणतो, डाऊनी आली. केवडा हे तिचंच दुसरं नाव. भुरीसारखीच हीदेखील बुरशी, असं बहुतेक सगळे धरून चालतात. पण डाऊनी घडवणारा प्लाझ्मोपारा विटिकोला हा जीव बुरशी नाही, तो प्रोटिस्ट आहे. वर्गीकरण हा परीक्षेपुरता विषय, असं मानणाऱ्यांनी हा फरक जरूर समजून घ्यावा.

भुरी ही अस्सल बुरशी. तिची पेशीभित्तिका कायटिनची, डाऊनीची मुख्यतः सेल्युलोजची. भुरी स्वतःच्या पेशीपटलासाठी एर्गोस्टेरॉल तयार करते आणि हेक्झाकोनॅझोलसारखी औषधं नेमकं तेच काम बंद पाडतात. डाऊनी हे द्रव्य बनवतच नाही, मग हे औषध तिचं काय बंद पाडणार? तिचे बीजाणू दोन शेपट्यांनी पाण्यात पोहतात आणि पर्णरंध्रांतून आत शिरतात. त्यासाठी पान ओलं असावं लागतं, म्हणूनच ऑक्टोबर छाटणीनंतर पाऊस लांबला की बागायतदाराची झोप उडते. कोकण-गोव्यातल्या सुपारीवरचा कोळेरोग आणणारी फायटोफ्थोरा हीसुद्धा याच गटातली. तिच्याच एका जातीने 1845 पासून आयर्लंडचं बटाट्याचं पीक नासवलं आणि त्या दुष्काळात सुमारे दहा लाख माणसं मेली.

गैरसमज: प्रोटिस्टा हे एकाच कुळातल्या जीवांचं घराणं

हे नाव 1866 मध्ये एर्न्स्ट हेकेल यांनी दिलं. पुढे 1969 मध्ये रॉबर्ट व्हिटाकर यांनी पाच सृष्टी मांडल्या आणि त्याच आपण शाळेत शिकलो. पेशीत केंद्रक आहे, पण प्राणी, वनस्पती किंवा बुरशी यांपैकी कशातच बसत नाही, असा जीव प्रोटिस्टांत टाकला गेला. थोडक्यात, ही उरलेल्यांची यादी आहे. जनुकं वाचता येऊ लागल्यावर कळलं की या यादीतल्या कित्येकांचा एकमेकांशी जवळचा संबंधच नाही. कोॲनोफ्लॅजेलेट नावाचे एकपेशीय जीव तर इतर प्रोटिस्टांपेक्षा आपल्याला, म्हणजे प्राण्यांना, जवळचे आहेत. पाच सृष्टींची मांडणी सुरुवातीला शिकायला सोयीची आहे, पण तीच अंतिम म्हणून शिकवू नये, असं मला ठामपणे वाटतं.

शैवाल आणि आदिजीव हे दोन शब्दही कूळ सांगत नाहीत, जगण्याची रीत सांगतात. जो उन्हावर अन्न बनवतो तो शैवाल, जो दुसऱ्याला खातो किंवा त्याच्या अंगावर जगतो तो आदिजीव. युग्लीना हिरवी आहे, शेपटीने पोहते आणि अंधारात ठेवली तर भोवतालच्या पाण्यातलं तयार अन्न शोषून जगते. तिचं जवळचं नातं आहे काळा आजार घडवणाऱ्या लेशमानियाशी!

गैरसमज: शेवाळ म्हणजे साधी, लहान वनस्पती

हिरव्या शैवालांपुरतं हे खऱ्याच्या जवळ जातं, कारण जमिनीवरच्या वनस्पती त्यांच्यातूनच आल्या. मालवण-रत्नागिरीच्या खडकांवर वाढणारं तपकिरी सरगॅसम मात्र वेगळ्याच शाखेवरचं. त्याला पानं-देठ असल्यासारखे दिसतात, पण नात्याने ते गवतापेक्षा द्राक्षावरच्या डाऊनीला जवळचं आहे. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचं केल्प हे तपकिरी शैवाल 40 मीटरहून अधिक लांब वाढतं, तेव्हा ‘सगळे प्रोटिस्ट सूक्ष्म आणि एकपेशीय’ हेही खरं नाही. उलट भातखाचरात नत्र पुरवणारं नीलहरित शैवाल शैवालच नव्हे. त्याच्या पेशीत केंद्रक नसतं, ते जिवाणूंत मोडतं.

गैरसमज: हे सगळे रोगजंतूच

काचेसारख्या सिलिकाच्या कवचात राहणारे एकपेशीय डायाटम पृथ्वीवरच्या एकूण प्रकाशसंश्लेषणाचा सुमारे पाचवा हिस्सा पार पाडतात. समुद्रातल्या माशांचं अन्न शेवटी अशाच जीवांपासून सुरू होतं. घरात जेलीसाठी वापरतो तो चायनाग्रास लाल शैवालांतून काढलेला असतो. कोकण किनाऱ्यावर काही रात्री लाटा निळ्या चमकतात, त्याला लोक फॉस्फरस म्हणतात. तो उजेड नॉक्टिल्युका या एकपेशीय जीवाचा. पाणी हललं की त्याच्या पेशीतल्या रासायनिक क्रियेतून प्रकाश बाहेर पडतो.

गैरसमज: मलेरियाचा जंतू म्हणजे विषाणू नाहीतर जिवाणू

मलेरियाचा प्लाझ्मोडियम हा आदिजीव आहे आणि चमकणाऱ्या नॉक्टिल्युकाचा दूरचा भाऊबंद आहे. अल्फॉन्स लाव्हेराँ यांनी 1880 मध्ये अल्जीरियात तो रुग्णाच्या रक्तात पाहिला. रोनाल्ड रॉस यांना 1897 च्या ऑगस्टमध्ये सिकंदराबादला तो डासाच्या पोटात सापडला. त्यानंतर जवळजवळ शंभर वर्षांनी उलगडलेली गोष्ट मला सर्वांत विलक्षण वाटते. या परजीवीच्या पेशीत एका लाल शैवालाच्या हरितलवकाचा अवशेष आहे. त्यात हरितद्रव्य नाही, तो ऊन वापरत नाही, पण त्याच्यावाचून प्लाझ्मोडियम जगू शकत नाही. हरितलवकं मुळात जिवाणूंपासून आलेली, म्हणून डॉक्सिसायक्लिनसारखं जिवाणूंवरचं औषध या अवशेषावर चालतं. पण त्याचा परिणाम सावकाश होतो, त्यामुळे मलेरियाच्या उपचारात ते एकटं पुरत नाही.

थंडी वाजून ताप आला, तर घरात उरलेल्या अँटिबायोटिकच्या गोळ्या घेऊन वाट पाहत बसू नका. त्याच दिवशी रक्त तपासून घ्या. सरकारी प्राथमिक आरोग्य केंद्रात मलेरियाची तपासणी आणि उपचार दोन्ही मोफत होतात.