चेहरा स्मिताचा, चौकट कुणाची?

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं, तेव्हा बातम्या देणारा चेहरा कसा असावा, याचा कित्ता कुणापुढेच नव्हता. सिनेमासिकांनी मात्र ग्लॅमरची व्याख्या पक्की करून टाकली होती: गोरा रंग, कोरलेल्या भुवया, भरपूर मेकअप. याच सुमारास कॉलेजच्या वयातल्या स्मिता पाटीलचे, ओळखीतल्यांनी हौसेनं काढलेले फोटो केंद्राचे संचालक पी. व्ही. कृष्णमूर्ती यांच्या नजरेस पडले. त्यांनी तिला बोलावून घेतलं आणि स्मिता मराठी बातम्या देऊ लागली.

कृष्णधवल पडद्यावर तिचा सावळा रंग आड आला नाही. गालांची ठळक हाडं, मोठे डोळे, कपाळावर ठसठशीत कुंकू. प्रकाश त्या चेहऱ्यावर छान खेळायचा. जीन्सवरच साडी गुंडाळून ती बातम्यांना बसायची. टेबलाखालचं कोणाला दिसणार?

ध्वनिमुद्रक हितेंद्र घोष यांनी दिग्दर्शक श्याम बेनेगलांना तिचं नाव सुचवलं. १९७५ मध्ये ‘चरणदास चोर’ आणि ‘निशांत’ आले. पुढे ‘भूमिका’साठी तिला १९७७ चा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेल्या या चित्रपटातली नायिकाही नटीच, जिच्या चेहऱ्यावर घरच्यांचा संसार चालतो.

पडद्याबाहेर स्मिताच्या प्रतिमेवरही इतरांनी, घरच्यांनी नव्हे तर जाहिरातवाल्यांनी, आपला हिशेब मांडला.

‘चक्र’ १९८१ मध्ये प्रदर्शित झाला. जयवंत दळवींच्या कादंबरीवरून रवींद्र धर्मराज यांनी तो केला होता. झोपडपट्टीतली अम्मा उघड्यावर अंघोळ करते, कारण तिच्या खोपट्यात न्हाणीघर नाही. चित्रपटात हे दारिद्र्याचं चित्रण आहे. जाहिरातवाल्यांनी नेमकं तेच दृश्य उचलून पोस्टरवर चढवलं. आजूबाजूची वस्ती, अम्माची वणवण सगळं गळालं. उरली ओलेती बाई. स्मितानं मुलाखतीत या वृत्तीवर उघड बोट ठेवलं: बाईचं अर्धवस्त्र शरीर दाखवलं की आणखी शंभर माणसं येतील, हाच हिशेब त्यामागे असतो. तसल्या जाहिरातीवर चित्रपट चालत नाही, असं तिचं ठाम म्हणणं होतं. याच अम्मानं तिला दुसरा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला.

१९८२ मध्ये ‘नमक हलाल’मध्ये ती अमिताभ बच्चनसोबत पावसात भिजली आणि त्याच वर्षी ‘उंबरठा’तली महिलाश्रमाची अधीक्षक सुलभा महाजनही झाली. एका प्रतिमेनं तिला व्यावसायिक सिनेमाचा प्रेक्षक दिला, दुसरीनं मराठी घरांत वाद पेटवले. दोन्ही भूमिका तिनं केल्या; पण कामाचं मोल पोस्टरवरून ठरवायचा अधिकार तिनं कुणाला दिला नाही.

१३ डिसेंबर १९८६ रोजी, अवघ्या ३१ व्या वर्षी ती गेली. ‘मिर्च मसाला’ त्यानंतर प्रदर्शित झाला. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त टपाल खात्यानं २०१३ मध्ये काढलेल्या तिकिटांत एक स्मिताचंही आहे.