आग्या मोहोळ आणि सूर्यफुलाचे दाणे

नांदेड जिल्ह्यातील किनवट-माहूरच्या जंगलपट्ट्यात उंच फांदीखाली एकच मोठे उघडे पोळे बांधणारी आग्या माशी फुलोरा ओसरला की स्थलांतर करते, त्यामुळे पोकळीत घर करणाऱ्या सातेरी माशीप्रमाणे तिला लाकडी पेटीत पाळता येत नाही. तिच्यापासून टिकाऊ उपजीविका मिळवायची तर पोळ्याची रचना ओळखावी लागते. फांदीलगतच्या जाड भागात मध साठवलेला असतो आणि त्याखाली अंडी, अळ्या व कोष वाढत असतात. टेंभ्याने माश्या जाळून सगळे पोळे पिळल्यास ही पिढी नष्ट होते आणि मधात अळ्यांचा रस मिसळून तो लवकर आंबतो. मात्र बेताचा धूर देऊन केवळ मधाचा भाग कापला, तर वसाहत जगते. वर्ध्याच्या ग्रामोपयोगी विज्ञान केंद्राने या अहिंसक पद्धतीसाठी केलेले काम मराठवाड्यानेही आपलेसे करण्याजोगे आहे.

शेतीशी असलेले माशीचे नाते तर मधापेक्षाही मोलाचे आहे. लातूर परिसरात एकेकाळी भरपूर पिकणाऱ्या सूर्यफुलाच्या प्रत्येक फुलकात परागकण आधी बाहेर पडतात आणि कुक्षी, म्हणजे पराग स्वीकारणारे टोक, नंतर पक्व होते. त्यामुळे माश्यांची ये-जा नसल्यास दाणे पोकळ राहतात. बव्हंशी स्वपरागित असलेल्या सोयाबीनने हे पीक मागे सारल्याने माश्यांचा एक मोठा चाराही आटला. म्हणूनच बांधावर करंज, कडुलिंब, जांभूळ राखणे आणि फुलोऱ्यात कीटकनाशकाची फवारणी टाळणे ही मधावरच्या उपजीविकेची पहिली तयारी ठरते.