शॉकची भीती कुणाला, कशाची?

सातारा-सांगलीकडच्या अनेक घरांत अजूनही हे घडतं. माणूस खाणंपिणं, बोलणं सोडतो, तासन्‌तास एकाच जागी खिळून बसतो आणि घरचे आधी ‘बाहेरचं’ बघतात. देवऋषी, अंगारा, उतारा. कधी भूत काढायच्या नावाखाली मारहाणही. ती २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे. या कायद्यासाठी आयुष्य वेचणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचेच. तरीही ती मारहाण खपते. पण पुढं मानसोपचारतज्ज्ञ ईसीटी, म्हणजे मेंदूला विजेचा प्रवाह देण्याचा उपचार, सुचवतात, तेव्हा घर हादरतं : ‘शॉक? नको, मेंदू जळतो.’

मेंदू जळत नाही. १९३८ मध्ये रोममध्ये ही पद्धत सुरू झाली, तेव्हा भूल देत नसत. झटक्यात हाडंही मोडत. लोकांच्या मनातली भीती त्या काळातली आहे आणि सिनेमांनी ती जिवंत ठेवली. आज मानसिक आरोग्यसेवा कायदा, २०१७ च्या कलम ९५ नुसार भूल आणि स्नायू शिथिल करणारं औषध दिल्याशिवाय ईसीटी देताच येत नाही. अठरा वर्षांखालच्या रुग्णाला तर पालकांची संमती आणि संबंधित मंडळाची पूर्वपरवानगी लागते. रुग्ण झोपेत असतो, प्रवाह काही सेकंदांचा, मेंदूतला झटका साधारण मिनिटभराचा. आठवड्यातून दोन-तीनदा, बहुधा एकूण सहा ते बारा वेळा.

विस्मरणाची तक्रार मात्र खरी आहे आणि ती रुग्णापासून लपवू नये. उपचाराच्या आगेमागच्या आठवणी पुसट होतात. बहुतेक काही आठवड्या-महिन्यांत परततात, काहींच्या थोड्या कायमच्या जातात. पण जीव द्यायचा ध्यास घेतलेल्या किंवा अन्नपाणी सोडलेल्या रुग्णाला गोळ्यांचा गुण येईपर्यंत थांबणं परवडत नाही. अशा वेळी ईसीटीला ‘शेवटचा उपाय’ म्हणून मागं ठेवणं हाच धोका.

मेंदूवरचा चुंबकीय उपचार, म्हणजे आरटीएमएस, ईसीटीहून वेगळा. यात भूल नाही, झटका अपेक्षित नाही. रुग्ण जागा असतो. नैराश्यावर तो वापरतात. बाजारातल्या चुंबकी पट्ट्यांशी त्याचं काही नातं नाही. डोक्यात धातूचं रोपण असेल तर आधी सांगावं.

मेंदूवर विजेचा आणखी एक उपचार आहे, तोही वेगळाच : पार्किन्सनच्या आजारात मेंदूत बारीक तार आणि कॉलरच्या हाडाखाली बॅटरी बसवतात, ते डीबीएस. त्यानं आजार बरा होत नाही. कंप, ताठरपणा कमी होतो, गोळ्याही बऱ्याचदा कमी लागतात. लेवोडोपाच्या गोळ्यांनी ज्यांना फरक पडतो, त्यांनाच सहसा याचा चांगला उपयोग होतो. त्यामुळं लाखोंचा खर्च ठरवण्याआधी त्या गोळ्यांनी फरक पडतो का, याची तपासणी झालीच पाहिजे.

मिरजेच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात, कराडच्या कृष्णा रुग्णालयात मनोविकार विभाग आहेत. तिथं निःसंकोच विचारा : ईसीटीच का, भूल कोण देणार, विस्मरण किती होईल, नंतर गोळ्या किती दिवस घ्यायच्या?