जुन्या फितींचा शोध

चित्रपट म्हटला कीं नट आणि दिग्दर्शक आठवतात. दुसऱ्यानें पूर्वीं टिपलेलीं दृश्यें हुडकून काढणारा शोधक मात्र कोणास आठवत नाहीं. आमच्या मतें हें काम पुराणवस्तुसंशोधकाच्या तोडीचें आहे. तें कसें चालतें हें पाहावयाचें तर सोव्हिएट रशियांतील एस्फिर शूब या संकलक बाईंचें उदाहरण घ्यावें.

१९१७ सालीं झारशाही कोसळली. त्यानंतर दहा वर्षांनीं, १९२७ सालीं, शूबबाईंचा ‘रोमानोव्ह घराण्याचा पाडाव’ हा मूकपट पडद्यावर आला. त्यासाठीं त्यांनीं सुमारें ६०,००० मीटर फीत डोळ्यांखालून घातली; चित्रपटांत राहिली ती अवघी १,५०० मीटरच्या आसपास! पुष्कळशी फीत लेनिनग्राडच्या ओलसर तळघरांत पडलेली होती, आणि त्या काळची नायट्रेटची फीत ओलाव्यानें नासते, ठिणगीनें भडकते.

राजघराण्याचीं कित्येक दृश्यें झारच्याच छायालेखकांनीं कौतुकानें घेतलेलीं होतीं. बाईंनीं केवळ शेजार बदलला. जहाजावर उमराव मंडळी नाचून घाम पुसते. लगेच पुढें घाम गाळीत माती खणणारे कष्टकरी दिसतात. स्तुतीचीच निंदा झाली. आलंकारिक यास व्याजस्तुति म्हणतील!

मात्र येथेंच शोधकाची कसोटी लागते. दृश्य कोठलें, केव्हांचें, कोणी घेतलेलें, हें त्यानें आधीं ठरविलें पाहिजे. एखाद्या स्वागताची गर्दी दंगलीची म्हणून जोडली, तर प्रेक्षकास संशयहि येणार नाहीं.