पानिपत आपण जिंकलो असतो तर? नारळीकरांच्या कथेतलं 'दुसरं जग' नेमकं काय आहे?

१४ जानेवारी आला की तिळगुळाच्या शुभेच्छांसोबत फोनवर आणखी एक गोष्ट हमखास येते. पानिपतचे रील्स. मागे ढोलताशा, समोर घोडदळ आणि शेवटी एकच प्रश्न: "विश्वासरावांना ती गोळी लागली नसती तर?"

कमेंटमध्ये मग दिल्लीपासून लंडनपर्यंत सगळं जिंकून होतं. पण याच प्रश्नावर मराठीत एक भारी विज्ञानकथा आहे आणि ती लिहिणारा माणूस खगोलशास्त्रज्ञ होता. डॉ. जयंत नारळीकर यांची 'गंगाधरपंतांचे पानिपत'.

नारळीकरांचं २० मे २०२५ रोजी पुण्यात निधन झालं. १९७४ मध्ये त्यांनी मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत 'कृष्णविवर' ही कथा पाठवली होती, तीही नारायण विनायक जगताप या टोपणनावाने. स्वतःची आद्याक्षरं उलटी करून. तिला पहिलं बक्षीस मिळालं आणि मराठी विज्ञानकथेला एक मोठा लेखक मिळाला.

कथा काय आहे?

(पुढे स्पॉयलर आहेत.)

प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे हे इतिहासाचे अभ्यासक. पुण्यात पानिपतचा विचार करत चालले असताना त्यांची ट्रकशी धडक होते. त्यानंतर ते ज्या जगात पोचतात, ते ओळखीचं वाटतं, पण तिथलं बरंच काही वेगळं आहे. पुण्याहून मुंबईला जाणारी गाडी आहे, पण मुंबईत शिरण्याआधी सरहद्द लागते आणि परवाना तपासला जातो. मुंबई इंग्रजांकडेच आहे. ईस्ट इंडिया कंपनीचा कारभार अजून चालू आहे. ज्या कंपनीत मुलगा नोकरीला असायला हवा, तिथे त्या नावाचं कुणीच नाही.

पंत हुशार. ते थेट एशियाटिकचं ग्रंथालय गाठतात आणि स्वतःच लिहिलेले इतिहासाचे पाच खंड काढून बसतात. औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंत सगळं जसंच्या तसं. बदल सापडतो शेवटच्या खंडात. तिथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकली आहे.

काळाला फाटा फुटला कुठे?

आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ रोजी दुपारपर्यंत लढाईचं पारडं मराठ्यांकडे झुकलेलं होतं. मग नानासाहेब पेशव्यांचा थोरला मुलगा, विशीच्या आतला विश्वासराव, गोळी लागून पडला. सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरून लढाईत घुसले. अंबारी रिकामी दिसली, भाऊही गेले असं फौजेला वाटलं आणि पळापळ सुरू झाली.

पंतांना सापडलेल्या बखरीत ती गोळी विश्वासरावांच्या कानाला चाटून जाते. फरक काही इंचांचा, पण तिथून पुढचं सगळं वेगळं.

परत आपल्या जगात आल्यावर ही हकिगत कोण खरी मानणार? पण पंतांच्या खिशात त्या बखरीचं एक फाटकं पान राहिलेलं असतं.

राजेंद्र देशपांडेंचं उत्तर

पंतांचे वैज्ञानिक मित्र राजेंद्र देशपांडे दोन गोष्टी सांगतात.

पहिली, कॅटास्ट्रॉफी थिअरी. फ्रेंच गणिती रेने टॉम यांच्या कामातून आलेलं हे गणित. छोटासा बदल हळूहळू परिणाम करतो असं आपल्याला वाटतं, पण काही टप्प्यांवर तो सगळं चित्र एका झटक्यात पालटतो. लढाईत सेनापती पडण्याचा क्षण तसाच.

दुसरी, क्वांटम. झाडलेल्या गोळीची दिशा आणि वेग कळला की ती कुठे पोचेल हे सांगता येतं. इलेक्ट्रॉनच्या बाबतीत फक्त शक्यता सांगता येतात. तो इथे सापडेल किंवा तिथे. अमेरिकेच्या ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलं की या सगळ्या शक्यता खऱ्या होतात, पण वेगवेगळ्या जगांत. पंत अशाच दुसऱ्या जगात जाऊन आले, असं देशपांडे म्हणतात.

मग असं खरंच होऊ शकतं का?

नाही. क्वांटमचं गणित प्रयोगांत पक्कं ठरलेलं आहे, पण 'अनेक जगं' हा त्या गणिताचा अर्थ लावण्याचा एक मार्ग आहे. त्यावर शास्त्रज्ञांचं एकमत नाही. शिवाय एव्हरेटच्या मांडणीतही एका जगातून दुसऱ्या जगात जायला रस्ता नाही. बखरीचं पान खिशात घालून आणणं ही लेखकाने घेतलेली सूट आहे.

फाटा फक्त एकच होता का?

इथे आमच्या राणीसावरगावचा विषय निघतो. नकाशावर उदगीर ते परतूर सरळ रेघ मारली तर ती गंगाखेडच्या परिसरातून जाते आणि आमचं गाव याच तालुक्यात. फेब्रुवारी १७६० मध्ये उदगीरला भाऊंनी निजामाला हरवलं. मार्चमध्ये ते परतूरहून उत्तरेकडे निघाले. रघुनाथरावांऐवजी भाऊंना पाठवायचं, हा निर्णय याच मुक्कामात झाला. म्हणजे इतिहासाचा एक फाटा मराठवाड्यातही होता, गोळी सुटण्याच्या दहा महिने आधी.

आणि नुसती गोळी चुकली असती, तरी पानिपतावरची उपासमार चुकली नसती. रसद तुटलेली होती, सोबत हजारो यात्रेकरू आणि बायकामुलं होती, सुरजमल जाट साथ सोडून गेले होते. रील्समध्ये हे येत नाही, कारण तिथे एक गोष्ट बदलली की सगळं आपल्या मनासारखं होतं. नारळीकरांच्या जगात तसं होत नाही. पानिपत जिंकलं, तरी मुंबई इंग्रजांकडेच राहते आणि पंतांना स्वतःचा मुलगा सापडत नाही.

उधारी मागायला गेलात तर आजही ऐकायला मिळतं, "विश्वास पानिपतात गेला." पंत ज्या जगात जाऊन आले, तिथे ही म्हण कुणाला कळलीच नसती.

गंमत म्हणजे त्या जगातही पंतांचं 'पानिपत' होतंच. आझाद मैदानावरच्या सभेत अध्यक्षांची रिकामी खुर्ची दिसते, सवयीने ते जाऊन बसतात आणि भाषण सुरू करतात. तिथल्या लोकांनी मात्र अध्यक्षीय भाषणं कधीच बंद केलेली असतात. पुढे काय झालं असेल, ते कथेच्या नावातच आहे.

अकरावीच्या एनसीईआरटीच्या 'हॉर्नबिल' या इंग्रजी पुस्तकात हीच कथा 'द ॲडव्हेंचर' नावाने आली. तेव्हा घाईत वाचून सोडली असेल, तर आता मराठीतून वाचून बघा. पुढच्या संक्रांतीला तो रील आला की कमेंटमध्ये विचारायला एक प्रश्न तरी मिळेल: "बरं, गोळी चुकली. रसदीचं काय?"