जमीन आधीच आली

घरात नवी फरशी बसवायची म्हटलं की आपण रंग बघतो, चकाकी बघतो, दर बघतो. जिन्याची पायरी मोजायला कोण जातं? मीही गेले नव्हते.

आमचं बार्शीचं घर दुमजली. खाली सासऱ्यांच्या वेळची शहाबादी, वर नंतर चढवलेल्या मजल्यावर मोझॅक. शहाबादी दणकट खरी, पण सांधे उघडे पडले होते, मुंग्या निघायच्या आणि पुसताना कपडा अडकायचा. मिस्त्री म्हणाले, "वहिनी, उखडायला घेतलं तर पंधरा दिवस धूळ खाल. वरूनच टाकू." आम्हाला तेच हवं होतं. आमचे हे आणि धाकटे भाऊजी दुकानात जाऊन क्रीम रंगाची चकचकीत व्हिट्रिफाइड घेऊन आले. रोज पुसणार कोण, हे विचारायची पद्धत आपल्याकडे नाहीच!

फरशी दीड इंच वर आली. दारं खालून तासावी लागली. बाथरूमचा उंबरा जवळजवळ नाहीसा झाला. तेव्हाच शहाणं व्हायला हवं होतं.

महिन्याभरात सासूबाई गच्चीवरून कुरडयांची परात घेऊन उतरल्या आणि शेवटच्या पायरीवर कोलमडल्या. मनगट मोडलं. सहा आठवडे प्लास्टर. येणारा-जाणारा म्हणायचा, "ही गुळगुळीत फरशी म्हाताऱ्या माणसांना नकोच." सासूबाई मात्र एकच सांगत होत्या, "अगं, मी घसरले नाही. जमीन आधीच आली."

आम्ही हसलो, खोटं कशाला सांगू. मग एका दुपारी शिवणकामाची टेप घेऊन जिना मोजला. सगळ्या पायऱ्या सात इंचांच्या, सर्वांत खालची साडेपाच! जमीन खरंच आधी आली होती. पायांना पायऱ्यांची उंची पाठ असते, बरं का. आपण बघून उतरत नाही, सवयीने उतरतो. हातात परात असेल तर बघायची सोयच नाही. सात इंच खाली जाईल म्हणून टाकलेला पाय साडेपाचवरच आदळला, की तोल गेलाच.

पुढच्या वर्षी वरचा मजला करायचा ठरला तेव्हा मी आर्ट्सची पदवीधर गणित मांडून बसले. वरही फरशीवर फरशी टाकली असती तर सर्वांत वरची पायरी साडेआठ इंच झाली असती. शिवाय वजन! दीड इंच सिमेंट-वाळू आणि टाइल म्हणजे चौरस फुटाला सात-आठ किलो. दहा बाय बाराच्या खोलीत आठ-नऊ क्विंटल नुसतं स्लॅबच्या डोक्यावर. नाणं वाजवून पाहिलं तर मोझॅक निम्म्या ठिकाणी पोकळ वाजत होती. पोकळ फरशीवर नवी टाकून टिकते थोडीच! म्हणून वरची पूर्ण उखडली. राडारोडा खोलीच्या मधोमध साठू दिला नाही, रोजच्या रोज पोत्यांतून खाली उतरवला. वरच्या बाथरूमला नव्या फरशीआधी चोवीस तास पाणी भरून ठेवलं आणि खालच्या छताला ओल येत नाही ना, ते पाहिलं. एवढा एक दिवस मिस्त्रींकडून भांडून घ्या. आणि ढाळ नळाकडे नाही, जाळीकडे.

जिना सर्वांत शेवटी केला. खालची जमीन दीड इंच वर, वरची होती तिथेच. तो फरक अठरा पायऱ्यांत वाटायचा. जुना पायऱ्यांवरचा थर काढून नवा कोटा बसवताना खालचं सिमेंट थोडं कमी-जास्त करत आणलं. प्रत्येक पायरी जेमतेम दोन मिलिमीटरने कमी झाली. मिस्त्री आधी कुरकुरले. मी एका काठीवर खूण करून दिली आणि प्रत्येक पायरीला ती लावून बघायला उभी राहिले. पायरीच्या कडेला खाचा पाडून घेतल्या, पॉलिश मात्र करू दिलं नाही.

टाइल्स निवडायला या वेळी मी आणि सासूबाई गेलो. तीन नमुने घरी आणले, अंगणात मांडले, साबणाचं पाणी ओतलं. माझा खांदा धरून त्या अनवाणी प्रत्येकीवर उभ्या राहिल्या. पहिलीवरून लगेच उतरल्या. तिसरी, जरा खरखरीत करड्या रंगाची, त्यांना पटली. भाऊजी म्हणाले, "गोडाऊनसारखी दिसते." दिसू दे. तिच्यावर केस दिसत नाहीत, पाण्याचे डाग दिसत नाहीत.

खोक्यांवरचा शेड नंबर आणि लॉट नंबर एकच आहे ना, हे मात्र टेम्पो परत जायच्या आत बघा. दोन लॉटमधला रंगाचा फरक खोक्यात कळत नाही, खोलीभर पसरल्यावर कळतो. एक खोकं आम्ही जास्तीचं घेतलं होतं. ते जिन्याखाली ठेवलंय आणि त्यातली एक टाइल लागलीही. धाकट्याने खलबत्त्यातला बत्ता पाडला.

खालची चकचकीत फरशी अजून तशीच आहे. सासूबाई तिच्यावरून चपला घालून फिरतात, आणि उतरताना शेवटच्या पायरीवर अजूनही क्षणभर थांबतात.