गोदाकाठचा इतिहास : लेखांक नववा
मेंढवाड्यातून सुभेदारीकडे

गेवराई तालुक्यात गोदावरीच्या दक्षिण तीरावर वसलेले राक्षसभुवन शनीच्या दर्शनास येणाऱ्या भाविकांना चांगले परिचित आहे. परंतु १० ऑगस्ट १७६३ रोजी याच तीरावर निजामाचा दिवाण विठ्ठल सुंदर मारला गेला आणि पानिपतानंतर तीन वर्षे उलटण्यापूर्वीच मराठ्यांची दक्षिणेतील पत पुन्हा उभी राहिली, याचे स्मरण फार थोड्यांना असते. त्या लढाईचा तपशील मागील लेखांकात येऊन गेला. त्या मोहिमेत पेशव्यांच्या बाजूने असलेले सत्तर वर्षांचे सुभेदार मल्हारराव होळकर यांच्याविषयी मात्र स्वतंत्रपणे लिहिणे अगत्याचे वाटते. कारण धनगराच्या घरी जन्मलेला पुरुष दिल्लीच्या राजकारणापर्यंत पोहोचला म्हणजे त्याने मेंढवाडा मागे टाकला असे आपण गृहीत धरतो, आणि मल्हाररावांच्या बाबतीत हे गृहीतक मला सर्वस्वी अमान्य आहे.

त्यांचा जन्म १६९३ मधला. पिता खंडोजी लवकर निवर्तले, आणि आई मुलास घेऊन खानदेशात तळोदे येथे आपला भाऊ भोजराज बारगळ याच्या आश्रयास गेली. तेथे मेंढरे राखीत असता निजलेल्या मुलावर नागाने फणा धरल्याची आख्यायिका सर्वश्रुत आहे. थोर पुरुषांच्या चरित्रांत अशा आख्यायिका येतातच, म्हणून तिच्यावर मी अधिक शब्द खर्च करीत नाही. कंठाजी कदमबांडे यांच्या पथकातून ते बाजीरावांच्या पदरी आले, आणि पुढे माळव्याचा मोठा सरंजाम त्यांच्याकडे चालत आला.

आपल्या आष्टी-पाटोद्याच्या माळरानावर धनगरांचा वाडा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना या पुरुषाच्या राजनीतीचे मूळ शोधण्यास दूर जावे लागणार नाही. दसरा-दिवाळी उलटली की बिऱ्हाड घोड्यावर लादून वाडा निघतो. उद्याचा चारा कोठे, पाणी कोठे, नदीला उतार कोठे, कोणत्या शिवारात पीक उभे आहे आणि कोणते मोकळे झाले आहे, याचा अदमास वाड्याच्या कारभाऱ्यास आदल्या रात्रीच असावा लागतो. शेतकऱ्याच्या रानात मेंढरे बसवून त्याच्या भूमीला खत द्यावयाचे आणि मोबदल्यात धान्य घ्यावयाचे, म्हणजे परक्या मुलखात स्नेहही जोडावयाचा आणि आपला हिशेबही राखावयाचा. दाणावैरणीवर जगणाऱ्या घोडदळाच्या नायकाला याहून अधिक कोणती विद्या अवश्य असते? जेथे गवत नाही तेथे हट्टाने थांबणे धनगराच्या दृष्टीने शौर्य नव्हे, कळपाचा नाश होय.

१७६३ च्या मोहिमेत हीच नीती साऱ्या मराठी फौजेने अंगीकारलेली दिसते. निजामाने पुणे जाळले, तरी पेशव्यांच्या फौजा राजधानी वाचविण्यासाठी जागी अडून न राहता त्याच्याच मुलखात शिरल्या व खंडण्या वसूल करीत हिंडल्या. जानोजी भोसले निजामाचा पक्ष सोडून परतले. पावसाळ्याच्या ऐन भरात निजाम अली गोदावरी उतरून गेला, दिवाण मात्र उरलेल्या फौजेनिशी अलीकडे राहिला, आणि नदी फुगलेली असल्यामुळे पलीकडून त्यास मदत पोहोचणे अशक्य झाले.

पानिपताच्या रणांगणातून मल्हारराव आपली फौज घेऊन निघून गेले, याचा दोष त्यांना दोन शतके लागत आला आहे. तो आक्षेप हलका नाही. जे मागे राहिले त्यांचे बलिदान कोणत्याही हिशेबाने लहान ठरत नाही. तथापि जानेवारीत वाचलेली तीच फौज घेऊन त्यांनी त्याच वर्षी नोव्हेंबरात मांगरोळ येथे जयपूरच्या माधोसिंहाचा पराभव केला आणि राजपुतान्यातील डळमळलेला अंमल सावरला, हेही त्याच न्यायाने सांगितले पाहिजे.

या नीतीची मर्यादा उघड झाली ती इंग्रजांपुढे. तोफखान्याचे महत्त्व मल्हाररावांना अवगत नव्हते असे नाही. १७६५ मधील एका पत्रात ते सून अहिल्याबाईंना मोठ्या तोफा घेऊन ग्वाल्हेरीस जाण्याची व तेथे दारूगोळ्याची तजवीज करण्याची आज्ञा करतात. परंतु त्याच वर्षी ३ मे रोजी कोरा येथे, शुजाउद्दौल्याच्या साहाय्यार्थ गेले असता, कंपनीच्या शिस्तबद्ध तोफखान्यापुढे त्यांच्या घोडदळाचा निभाव लागला नाही. ऑगस्टात बादशहाने बंगालची दिवाणी कंपनीस दिली, आणि २० मे १७६६ रोजी आलमपूर येथे सुभेदारांचे देहावसान झाले.

ज्या सुनेवर त्यांनी तोफांची जबाबदारी सोपविली, ती आपल्या जिल्ह्याच्या सीमेलगत, जामखेड तालुक्यातील चौंडी गावची पाटलाची कन्या. परळीच्या वैजनाथ मंदिराचा जीर्णोद्धार तिच्याच हातून झाला. त्याचा विचार पुढील लेखांकात करू.